सप्पोरोत प्रायव्हेट गाईडसोबत एक दिवस: सगळेजण विचारतात ते प्रश्न आणि त्यांची उत्तरं

मी सप्पोरोत, म्हणजे जपानच्या उत्तरेकडच्या होक्काइडो बेटावरच्या शहरात, गाईड आहे. मेसेजवर रोज तेच तेच प्रश्न येतात आणि मी रोज तेच टाईप करत बसते, म्हणून एकदाच सगळं इथे लिहून ठेवतेय. आधी हे वाचा, मग जे उरेल ते बिनधास्त विचारा.

प्रायव्हेट टूर म्हणजे नक्की काय असतं?

तुम्ही, तुमची माणसं आणि मी, बस. अनोळखी वीस जणांसोबत झेंड्यामागे धावायचं नाही. सकाळी नऊच्या सुमारास तुमच्या हॉटेलच्या लॉबीत भेटायचं आणि साधारण सात-आठ तास फिरायचं. मध्ये जेवण, चहा, दुकानात रेंगाळणं सगळं आलं, आणि कोणाचे पाय दुखायला लागले तर तिथेच प्लॅन बदलायचा. फी पूर्ण ग्रुपची असते, माणशी नाही, त्यामुळे दोघं आलात तर महाग वाटेल आणि सहाजण आलात तर स्वस्त. सहाच्या वर शक्यतो नको, कारण इथली चांगली हॉटेलं छोटी आहेत, दहा जणांना एकत्र टेबल मिळता मिळत नाही आणि अर्धा दिवस "बाकीचे कुठे राहिले" यातच जातो.

खरं सांगा, सप्पोरोत गाईड लागतो का?

खरं सांगायचं तर प्रत्येकाला नाही लागत. शहर १८६९ नंतर नकाशा आखून बांधलंय, रस्ते काटकोनात आहेत, पत्तेसुद्धा "उत्तर ३, पश्चिम ४" असे असतात. मधोमध ओदोरी पार्क आडवं पसरलंय, त्याच्या वर उत्तर, खाली दक्षिण, की झालं. सबवेच्या तीनच लाईन, त्यांना हिरवा-केशरी-निळा असे रंग, पाट्या इंग्लिशमध्येही. पंचविशी-तिशीतलं जोडपं असाल, मासे-मटण सगळं खात असाल आणि हातात दोन दिवस असतील तर गाईडचे पैसे वाचवा आणि एक वेळ मस्त जेवा.

मग कोणाला उपयोग होतो? आई-बाबा किंवा सासू-सासरे सोबत असतील त्यांना, शुद्ध व्हेज खाणाऱ्यांना, आयुष्यात पहिल्यांदा बर्फावर पाय ठेवणाऱ्यांना, आणि ज्यांच्याकडे एकच दिवस आहे त्यांना. शिवाय काही लोकांना नुसते फोटो नको असतात, हे शहर इथे का आलं, कोणी वसवलं, आधी कोण राहत होतं, हे ऐकायचं असतं. तशी माणसं आली की मला पण मजा येते.

दिवसभरात काय काय बघायचं?

पक्की यादी नाही, पण बहुतेक वेळा सुरुवात स्टेशनजवळच्या जुन्या सरकारी इमारतीपासून होते. १८८८ सालची लाल विटांची इमारत, कित्येक वर्षं दुरुस्तीसाठी झाकलेली होती, २०२५ मध्ये परत उघडली. तिथून होक्काइडो युनिव्हर्सिटीचा कॅम्पस चालत जाण्याइतका जवळ. १८७६ मध्ये शेतकी कॉलेज म्हणून सुरू झालं, अमेरिकेहून क्लार्क नावाचे प्रोफेसर आले, जेमतेम आठ महिने राहिले आणि तेवढ्यावर आजही शहरभर त्यांचे पुतळे आहेत. गंमत म्हणजे या कॉलेजची सगळ्यात नाव काढलेली दोन मुलं, इनाझो नितोबे आणि कान्झो उचिमुरा, दुसऱ्या बॅचची. ती आली तेव्हा क्लार्कसाहेब परत गेलेले! नितोबे पुढे पाच हजार येनच्या नोटेवर बरीच वर्षं होते. ऑक्टोबरच्या शेवटी आलात तर कॅम्पसमधला गिंकोच्या झाडांचा पिवळाधमक रस्ता चुकवू नका, आठवडाभरच टिकतो.

मग घड्याळाचा टॉवर. इथे आधीच सांगून ठेवते, जपानी लोकच त्याला "बघून निराशा होते" अशा जागांच्या यादीत टाकतात, कारण फोटोत भव्य दिसतो आणि प्रत्यक्षात उंच ऑफिसांच्या मध्ये चिमुकली पांढरी लाकडी इमारत. मला मात्र ती आवडते. १८७८ मध्ये कॉलेजच्या कवायतीसाठी बांधलेला हॉल आहे, बोस्टनहून आणलेलं घड्याळ १८८१ मध्ये बसवलं आणि ते अजून तासाला टोले देतं. दहा मिनिटं थांबायचं, टोले ऐकायचे, पुढे निघायचं.

ओदोरी पार्क दीड किलोमीटर लांब आहे, पण मुळात ते बाग म्हणून केलेलंच नाही. १८७१ मध्ये उत्तरेकडचा सरकारी भाग आणि दक्षिणेकडची लोकवस्ती यांच्यात आग पसरू नये म्हणून रिकामा पट्टा सोडला होता. आता तिथे लायलॅक फुलतात, उन्हाळ्यात बिअर गार्डन लागतं, हिवाळ्यात बर्फाचे पुतळे. टीव्ही टॉवर पूर्वेच्या टोकाला, १४७ मीटर, वरून हा सगळा पट्टा सरळ रेषेत दिसतो.

दुपारनंतर दोन रस्ते फुटतात. एक म्हणजे मारुयामा, तिथे होक्काइडोचं मोठं शिंतो देवस्थान आणि दाट जंगल, पिशवीत शेंगदाणे दिसले तर खारी अगदी पायापाशी येतात (खायला घालू नका, मनाई आहे). दुसरं मोएरेनुमा पार्क, ही माझी सगळ्यात आवडती जागा. कचरा टाकायची जमीन होती ती. १९८८ मध्ये इसामू नोगुची या शिल्पकाराने तिचा आराखडा केला आणि त्याच वर्षी डिसेंबरमध्ये ते गेले, पण शहराने काम सोडलं नाही, २००५ मध्ये पूर्ण पार्क उघडलं. गवताचे डोंगर, काचेचा पिरॅमिड, आणि तो पिरॅमिड उन्हाळ्यात थंड ठेवायला हिवाळ्यात साठवलेला बर्फ वापरतात. शहरापासून सबवे आणि मग बस असं जावं लागतं, पाऊण-एक तास धरा, म्हणून ग्रुप टूरवाले कोणी नेत नाहीत.

अंधार पडताना मोइवा डोंगर. ट्रामने पायथ्याजवळ, मग रोपवे, मग छोटी केबल कार, ५३१ मीटरवर. खाली वीस लाखांच्या जवळपास वस्तीचं शहर लुकलुकत असतं. वर वारा असतो, जूनमध्ये पण जॅकेट लागतं. रोपवे वर्षातून काही दिवस मेंटेनन्ससाठी बंद असतो, तुमची तारीख त्यात येत असेल तर मी बुकिंगच्या वेळीच सांगते.

हे सगळं एका दिवसात होतं?

नाही. यातल्या चार-पाच जागा होतात, व्यवस्थित.

त्याच दिवशी ओतारू पण करू ना? आणि बिएई-फुरानोची लॅव्हेंडर? नोबोरिबेत्सु?

हा प्रश्न पहिल्या नंबरवर यायला हवा होता, इतका विचारतात. आपल्याकडे ट्रिप म्हणजे "इतके पॉईंट झाले" असा हिशोब असतो, आणि त्यात कोणीतरी एका दिवसात होक्काइडो उरकलेला व्हिडिओ टाकलेला असतो. होक्काइडोचं क्षेत्रफळ महाराष्ट्राच्या चौथाईपेक्षा जास्त आहे आणि वस्ती पन्नास लाखांच्या आसपास. म्हणजे गावं लांब लांब.

ओतारू: होतं. ट्रेनने चाळीस मिनिटं, जाताना उजव्या बाजूला बसा, झेनिबाको स्टेशननंतर रूळ अगदी समुद्राच्या कडेने जातात. १९२३ चा कालवा, दगडी गोदामं, काचेच्या वस्तू, म्युझिक बॉक्स. पण मग सप्पोरो अर्धाच दिवस मिळेल, सकाळी सप्पोरो आणि दुपारी ओतारू, मोएरेनुमा-मोइवा दोन्हीला रामराम.

बिएई-फुरानो: एका बाजूला गाडीने दोन-अडीच तास, हिवाळ्यात अजून जास्त. तो वेगळा दिवस. लॅव्हेंडर जुलैमध्ये असते, मे महिन्यात जाऊन "कुठेय जांभळं" विचारायचं नाही. लॅव्हेंडर हवीच असेल आणि वेळ नसेल तर सप्पोरोच्या दक्षिणेला माकोमानाई ताकिनोमध्ये साडेतेरा मीटर उंच दगडी बुद्ध आहे, ताडाओ आंदो या आर्किटेक्टने त्याच्याभोवती टेकडी रचली, बाहेरून फक्त डोकं दिसतं, आणि टेकडीवर जुलैत लॅव्हेंडर फुलते. आहे ती दफनभूमी, त्यामुळे आवाज कमी ठेवायचा.

नोबोरिबेत्सुची गंधकाची वाफाळती दरी पण वेगळा दिवस. गरम पाण्याचे झरेच हवे असतील तर जोझानकेई आहे, बसने तासभर, आणि ऑक्टोबरच्या पहिल्या पंधरवड्यात तिथली लाल-पिवळी पानं म्हणजे काय सांगू.

गाडी असते का? गाईडच गाडी चालवेल ना?

नाही, आणि हे नीट वाचा. जपानमध्ये पैसे घेऊन माणसं नेणाऱ्या गाडीला हिरवी नंबर प्लेट लागते आणि ड्रायव्हरला वेगळं लायसन्स. पांढऱ्या प्लेटच्या गाडीतून कोणी "एअरपोर्ट ते हॉटेल ते टूर सगळं स्वस्तात" म्हणत असेल तर ते बेकायदा आहे, आणि अपघात झाला तर इन्शुरन्सच्या नावाने बोंब. मी गाईड आहे, ड्रायव्हर नाही. शहरात सबवे, ट्राम आणि पाय यात सगळं भागतं. आजी-आजोबा असतील किंवा बुद्धाच्या टेकडीसारखं लांब जायचं असेल तर ड्रायव्हरसकट जंबो टॅक्सी ठरवून देते, तिचे पैसे थेट टॅक्सी कंपनीला.

आम्ही शुद्ध व्हेज आहोत. उपाशी राहू का?

उपाशी नाही राहणार, पण वाटेत दिसेल तिथे घुसून चालणार नाही. अडचण मांसाच्या तुकड्यांची नसतेच, ती रश्शाची असते. सूप, सॉस, भाजीवर घातलेलं पाणी, सगळ्यात माशाचा किंवा हाडांचा अर्क. "मांस नको" म्हटलं तर वेटर वरचे तुकडे काढून तेच सूप आणून ठेवतो, आणि त्याच्या दृष्टीने त्याने तुमचं ऐकलेलंच असतं. सप्पोरोचा मिसो रामेन (सूपमधले नूडल्स) प्रसिद्ध आहे पण तो डुकराच्या हाडांच्या सूपमध्ये. जिंगिस्कान म्हणजे घुमटाकार तव्यावर भाजलेलं मेंढीचं मांस, त्याचा तर वासच अंगाला चिकटतो, व्हेज मंडळींनी त्या गल्लीतून जाताना नाक दाबा.

आता चांगली बातमी. सप्पोरोचा स्वतःचा असा पदार्थ आहे सूप करी, आपल्या पातळ रश्श्यासारखी, भाताबरोबर. आणि मराठी माणसाने कॉलर ताठ करावी अशी गोष्ट म्हणजे हिची सुरुवात ज्या दुकानापासून मानतात त्याचं नाव अजंता! १९७० च्या दशकात तिथे औषधी मसाल्यांची पातळ करी द्यायला लागले, पुढे १९९३ मध्ये दुसऱ्या एका दुकानाने तिला सूप करी हे नाव दिलं आणि मग गल्लोगल्ली दुकानं निघाली. ऑर्डर अशी द्यायची: आधी करी कुठली, मग सूप कुठलं, मग तिखटाचा नंबर, मग भात किती. भाज्या आधी तळून घेतात, वांगं, भोपळा, कमळकाकडी, भेंडी, ब्रोकोली, मोठे मोठे तुकडे, भात वेगळ्या ताटलीत पिवळा आणि वर लिंबाची फोड. भात चमच्यात घ्यायचा, चमचा रश्शात बुडवायचा, खायचा. करी भातावर ओतू नका, कोणी ओरडणार नाही पण मजा जाते. तिखटाचा नंबर आपण समजतो त्यापेक्षा दोन-तीन वर घेतला तरी चालतो, पहिल्यांदा मधला घ्या.

पण "व्हेजिटेबल करी" लिहिलंय म्हणून ती व्हेज नसते, सूप बहुतेक कोंबडीचं असतं आणि वर अर्धं उकडलेलं अंडं येतं. भाज्यांचंच सूप वेगळं करणारी मोजकी दुकानं आहेत, मी तिथेच नेते आणि आदल्या दिवशी फोन करून खात्री करते. ऐनवेळी गेलं तर ते सूप संपलेलं असतं.

मधल्या भुकेला मक्याचं कणीस. ओदोरी पार्कात एप्रिलच्या शेवटापासून ऑक्टोबरपर्यंत कणसाच्या गाड्या असतात, भाजलेलं किंवा उकडलेलं. भाजलेल्याला सोया सॉस लावतात, कडेने काळपट खरपूस होतं, दाणे इतके गोड की लिंबू-तिखट मागायचं लक्षातच येत नाही. जोडीला लोणी घातलेला बटाटा, दुधाचं सॉफ्ट आईस्क्रीम, उन्हाळ्यात युबारीचं खरबूज. अंडं चालत असेल तर सगळंच सोपं होतं, बुकिंग करताना ते स्पष्ट लिहा, "आम्ही व्हेज पण केक चालतो" यातून मला काही कळत नाही.

आणि जैन?

कांदा-बटाटा या बेटाची शान आहे, शेतंच्या शेतं तीच, आता काय सांगू तुम्हाला. इंडियन हॉटेलात आधी सांगून वेगळं करून घेता येतं, तेवढा एक पर्याय धरून चाला, आणि सोबत खाकरे-थेपले असू द्या.

आम्ही चिवडा, भडंग, लाडू आणणार आहोत. चालेल ना?

आणा की, मलाही द्या. फक्त कस्टम्सचे नियम बघा, मांसाचा कुठलाही प्रकार आणि ताजी फळं-भाज्या जपानमध्ये अशाच आणता येत नाहीत, हापूसची पेटी तर अजिबात नाही. दुसरं म्हणजे जेवायच्या हॉटेलात बसून आपला डबा उघडायचा नाही, इथे ते फार वाईट दिसतं. पार्कातल्या बाकावर खुशाल खा. कचऱ्याच्या पेट्या रस्त्यावर नसतात, म्हणून एक रिकामी पिशवी जवळ ठेवा.

कधी यावं?

माझं मत विचाराल तर जून किंवा ऑक्टोबरचा पहिला अर्धा. जूनमध्ये बाकी जपान पावसाने चिकचिक झालेलं असतं आणि इथे मात्र लख्ख, उजेड पहाटे चारला आणि अंधार सव्वासातनंतर. चेरीची फुलं एप्रिलच्या शेवटी-मेच्या सुरुवातीला येतात, म्हणजे टोकियोत हुकली असतील तरी इथे सापडतात, मारुयामाला जाऊ. मार्च आणि एप्रिलची सुरुवात टाळा. बर्फ वितळून काळा चिखल झालेला, झाडं बोडकी, फोटोत काहीच नाही.

हिवाळ्यात येणार असाल तर एक लक्षात घ्या, डिसेंबरमध्ये चारच्या सुमाराला सूर्य मावळतो. आठ तासांची टूर असली तरी उजेडाचे तास कमीच, म्हणून तेव्हा दिवसाची आखणी उलटी करते: बाहेरचं सगळं सकाळी, म्युझियम आणि खरेदी दुपारी, दिव्यांचं संध्याकाळी.

थंडी किती असते? काय कपडे घ्यायचे?

जानेवारी-फेब्रुवारीत दिवसा शून्याच्या आसपास, रात्री उणे पाच ते दहा. वर्षाला एकूण पाच मीटरच्या आसपास बर्फ पडतो, एवढं मोठं शहर आणि एवढा बर्फ असं जगात फार ठिकाणी नाही. पण दुकानं, सबवे, हॉटेलं आतून चांगलीच गरम असतात, म्हणून एक जाडजूड स्वेटर घालून येऊ नका, थर घाला. आत थर्मल, मध्ये फ्लीस, वर वारा न शिरणारं जॅकेट, की आत गेलं की सटासट काढता येतं. साडी नेसणाऱ्या आज्यांनी आत थर्मल पँट आणि पायात बूट, पदर कोटाच्या आत. झालंय असं, छान दिसतं.

खरी गोष्ट थंडी नाही, घसरणं आहे. पावडरसारखा ताजा बर्फ सोपा असतो. धोका असतो तो सिग्नलच्या तोंडाशी, जिथे गाड्या थांबून सुटतात आणि माणसं तुडवतात, तिथे बर्फ दाबला जाऊन काचेसारखा गुळगुळीत होतो. कोपऱ्यावर एक पेटी दिसेल, आत बारीक खडीच्या पिशव्या, त्या सगळ्यांसाठी आहेत, पिशवी फोडायची, पुढे टाकायची आणि त्यावरून चालायचं. पावलं छोटी, पूर्ण तळवा एकदम टेकायचा, टाच आधी नाही, हात खिशात नाही, आणि सिग्नल लुकलुकायला लागला तर धावायचं नाही, पुढचा घ्यायचा. बुटाला लावायच्या टोकदार रबरी पट्ट्या इथल्या दुकानात मिळतात, पहिल्या तासात त्याच लावू. पुण्याहून हजारोंचे स्नो बूट आणायची गरज नाही.

आणि फारच झालं तर जमिनीखाली जायचं. स्टेशनपासून ओदोरीपर्यंत २०११ मध्ये ५२० मीटरचा भुयारी रस्ता उघडला, पुढे दुकानांचं भुयार थेट सुसुकिनोपर्यंत, म्हणजे हॉटेलं-बारच्या भागापर्यंत जातं. वर बर्फाचं वादळ चालू आणि खाली लोक शर्टावर कॉफी पितायत.

स्नो फेस्टिव्हललाच यायचंय. टूर मिळेल का?

फेब्रुवारीच्या सुरुवातीचा आठवडा. मिळेल, पण काही महिने आधी विचारा, आणि हॉटेलं त्याच्याही आधी धरा, दर आकाशाला भिडतात. १९५० मध्ये शाळेच्या मुलांनी ओदोरीत सहा पुतळे केले तिथून हे सुरू झालं, १९५५ पासून सेल्फ डिफेन्स फोर्सचे (जपानच्या सैन्याचे) जवान मोठे पुतळे करायला आले, म्हणून आता इमारतीएवढाले दिसतात. गर्दी प्रचंड, चालायची एकेरी लाईन असते. माझा सल्ला, पुतळे दोनदा बघा, एकदा सकाळी लवकर आणि एकदा दिवे लागल्यावर. दुपारी तिथे काही राम नाही.

आई-बाबा सत्तरीचे आहेत, गुडघे दुखतात. झेपेल?

मे ते ऑक्टोबर नक्की झेपेल. सबवेला लिफ्ट आहेत, शहर सपाट आहे, दर चाळीस मिनिटांनी बसायची जागा मी धरूनच ठेवते. सबवेत काही सीट खास वयस्कर आणि गरजू लोकांसाठीच असतात आणि इथली तरुण मुलं गाडी भरलेली असली तरी त्या रिकाम्या ठेवतात, बाबांनी संकोच न करता बसावं. हिवाळ्यात मात्र टॅक्सी धरूनच प्लॅन करू. व्हीलचेअर असेल तर हिवाळ्यात रस्त्यावरून ती चालवणं जवळजवळ अशक्य आहे, खोटं कशाला सांगू.

लहान मुलं कंटाळतील का?

युनिव्हर्सिटीचा इतिहास ऐकून कंटाळतीलच, मोठे पण कंटाळतात. मुलं असतील तर मोएरेनुमा, तिथे खेळायच्या जागा आहेत आणि उन्हाळ्यात उथळ पाण्यात डुंबायला मिळतं. नाहीतर ओकुरायामाचा स्की जंप, १९७२ च्या हिवाळी ऑलिम्पिकचा. चेअरलिफ्टने वर जायचं आणि खेळाडू जिथून सुटतात तिथून खाली बघायचं, मोठ्यांचीच तंतरते.

अस्वलं असतात म्हणे?

असतात, तपकिरी अस्वलं, शहराच्या कडेच्या डोंगरांत. जून २०२१ मध्ये एक चक्क पूर्वेकडच्या भरवस्तीत शिरलं होतं आणि चार जण जखमी झाले. आपण फिरतो तिथे असं रोज होत नाही, पण मारुयामाच्या पायवाटेवर अस्वल दिसल्याची पाटी लागली तर ती वाट बंद म्हणजे बंद, हट्ट करायचा नाही.

ऐनू लोकांबद्दल काही बघता येईल का?

येईल, आणि विचारलंत याचा आनंद झाला. हे शहर "ओसाड जागी वसवलं" असं पत्रकांत लिहिलेलं असतं, पण इथे आधी ऐनू राहत होतेच, त्यांची जमीन, नद्यांतला सॅल्मन मासा, शिकार, सगळं नव्या वसाहतीत हातातून गेलं. सरकारने २०१९ च्या कायद्यात त्यांना मूळ रहिवासी म्हणून मान्य केलं, केवढा उशीर. शहरात युनिव्हर्सिटीच्या बोटॅनिक गार्डनमध्ये उत्तरेकडच्या लोकांच्या वस्तूंचं छोटं दालन आहे, जोझानकेईच्या वाटेवर शहराचंच ऐनू संस्कृती केंद्र आहे. मोठं राष्ट्रीय म्युझियम, २०२० मध्ये उघडलेलं उपोपोय, शिराओईला आहे, एक्स्प्रेस ट्रेनने साधारण तास, त्याला स्वतंत्र दिवस द्या.

बिअर म्युझियम?

हो, १८९० ची लाल विटांची इमारत, आधी साखर कारखाना होता. बघणं फुकट, चाखणं पैसे देऊन. बहुतेक सोमवारी बंद. चाखायला वय वीस पूर्ण हवं. बायका-पोरांना कंटाळा येतो असं पुरुष मंडळी आधीच ठरवून मोकळे होतात, माझा अनुभव वेगळा आहे.

टोकियोहून शिंकान्सेनने येतो, आमच्याकडे रेल्वे पास आहे.

शिंकान्सेन, म्हणजे बुलेट ट्रेन, अजून सप्पोरोपर्यंत येत नाही. हाकोदातेजवळ संपते, तिथून साध्या एक्स्प्रेसने साडेतीन तास, एकूण जवळजवळ आठ तास बसून. प्रवासाची हौस असेल तर जरूर या, वाटेत समुद्राखालून जाणारा सेइकान बोगदा लागतो, ५३.८५ किलोमीटर. नाहीतर हानेदाहून विमान, दीड तास, आणि न्यू चितोसे एअरपोर्टवरून ट्रेनने चाळीस मिनिटांत शहरात. हिवाळ्यात बर्फामुळे विमानं रखडतात, म्हणून टूर पोचायच्या दिवशी ठेवू नका, आणि परत जाताना भारताची फ्लाईट त्याच दिवशी टोकियोहून असेल तर मध्ये एक रात्र सोडा, प्लीज.

फीमध्ये काय येतं, काय नाही? टिप द्यायची का?

माझा वेळ, प्लॅनिंग, हॉटेलातली फोनाफोनी हे फीमध्ये. तुमची तिकिटं, जेवण, टॅक्सी तुमची. माझी तिकिटं फीमध्येच धरलेली असतात, त्याचं टेन्शन घेऊ नका. टिप नको, इथे पद्धतच नाही. सुइका किंवा तसलं कुठलंही प्रवासाचं कार्ड टोकियोत घेतलं असेल तर इथल्या सबवेत आणि ट्राममध्ये चालतं. थोडी कॅश ठेवा, कणसाच्या गाडीवर लागेल.

तुमच्याकडे लायसन्स आहे का? मराठीत बोलाल ना?

मराठी, हिंदी, इंग्लिश, जपानी, हवं ते. जपानमध्ये २०१८ पासून पैसे घेऊन गाईडचं काम करायला लायसन्स सक्तीचं नाही, पण राष्ट्रीय परीक्षा पास झालेल्यांनाच "परवानाधारक" म्हणवता येतं. कोणाकडूनही टूर घ्या, कार्ड आहे का ते विचारा आणि बघायला मागा, त्यात लाजायचं काही नाही, माझंही मागा.

वादळ आलं किंवा आम्हीच आजारी पडलो तर?

साधा पाऊस, साधा बर्फ यात टूर होते, जागा बदलतात. ट्रेन-सबवे ठप्प व्हावी असं वादळ असेल तर दुसरा दिवस किंवा पूर्ण पैसे परत. तुमच्याकडून कॅन्सल असेल तर तीन दिवस आधीपर्यंत काही घेत नाही, त्यानंतर अर्धे, आणि त्याच दिवशी सकाळी सांगितलंत तर पूर्ण फी, कारण तो दिवस मग कोणालाच देता येत नाही. कोणाला ताप आला असेल तर मात्र डॉक्टरकडे नेण्यात आधी मदत करते, पैशांचं नंतर बघू.

बुकिंग करताना काय कळवायचं?

तारीख, हॉटेलचं नाव, किती माणसं आणि कोणाचं वय काय, एका वेळी किती चालवतं, खाण्यात काय चालतं (अंडं, कांदा-लसूण, माशाचा अर्क हे प्रत्येकाचं वेगळं लिहा, घरात चौघांचे चार नियम असतात हे मला माहितेय), आणि सगळ्यात महत्त्वाचं, घरात कोणाला काय बघायचंय ते. "तुम्हीच ठरवा" असं लिहून पाठवलंत तर मी मोएरेनुमाला नेणार. हिवाळ्यात येत असाल तर सगळ्यांच्या बुटांचा नंबर सेंटीमीटरमध्ये पाठवा, पट्ट्या आणून ठेवते.